तिसरं दार

विभागप्रमुखांकडून आलेल्या पाकिटात तीन कागद होते. एक शोधनिबंधाच्या मसुद्याचं शेवटचं पान, एक संमतिपत्र आणि एक चिठ्ठी. चिठ्ठीत लिहिलं होतं, "घाई अजिबात नाही, शुक्रवारपर्यंत मिळालं तरी चालेल." त्या दिवशी बुधवार होता.

सही मी करायची होती, कारण जिने ती करायला हवी होती ती माझी आई चार महिन्यांपूर्वी गेली. डोक्यात गाठ होती. जायच्या पाच आठवडे आधीपर्यंत ती प्रयोगशाळेत जात होती. मसुद्यातलं शेवटून दुसरं वाक्य असं होतं: "दिवंगत सहलेखिकेने शेवटच्या वर्षात केलेली एकतीस निरीक्षणे, त्यांच्या आजारपणामुळे विश्वसनीय न वाटल्याने, या निबंधात घेतलेली नाहीत."

मी पुस्तकांच्या सूच्या बनवते. कोणता शब्द कोणत्या पानावर आहे हे पुस्तकाच्या शेवटी बारीक टाइपात छापलेलं असतं, ते कोणीतरी बसून केलेलं असतं. त्यामुळे मला वाक्यं वाचता येत नाहीत, तपासताच येतात. हे वाक्य मी चार वेळा तपासलं. व्याकरणात चूक नव्हती. "त्यांच्या" हे आदरार्थी लिहिलं होतं, तेवढी काळजी घेतली होती.

मावशी समोर धुतलेल्या चादरींच्या घड्या घालत होती. आईच्या आजारपणात ती पंधरा दिवसांसाठी म्हणून आली, त्याला आता वर्ष होत आलं होतं. तिने चादरीची दोन टोकं माझ्या हातात दिली.

"काय म्हणतायत?"

"आईचं शेवटचं वर्षभराचं काम चुकीचं होतं म्हणतायत. गाठीमुळे."

"गाठीमुळे असं लिहिलंय?"

"आजारपणामुळे."

"मग तेच की. नीट धर ग, तुझी आईही अशीच वाकडी धरायची." तिने चादर झटकली. "टाक करून सही. माणूस गेलं, आता तिच्या प्रयोगांतल्या त्या सोडियमला कशाला छळतेस?"

"मावशी, तिच्या स्वयंपाकाला जन्मभर सगळ्यांनी नावं ठेवली, तिला काही वाटलं नाही. कामाला ठेवलेलं तिला चाललं असतं?"

"ते तू मला सांगणार? पाचवीत तिला गणितात एक मार्क कमी दिला म्हणून ही बाई मास्तरांच्या घरी जाऊन बसली होती, मला बरोबर घेऊन! मी तिथे रडले, ही नाही." मावशीने घडी छातीशी धरली. मग म्हणाली, "शुक्रवारपर्यंत म्हणालेत ना? मग उद्याच जा."

दुसऱ्या दिवशी गेले. दारावरच्या माणसाला मी माझ्या आईच्या खोलीत जायचंय असं सांगितलं. त्याने वहीत "कोणाला भेटायचे" या रकान्यात आईचं नाव लिहिलं आणि "त्या आल्यात का बघतो" म्हणून फोन उचलला. मी त्याला समजावायच्या फंदात पडले नाही. आत गेले.

विभागप्रमुख एकेकाळी आईचे विद्यार्थी होते. तिच्याविषयी बोलताना ते अजून खुर्चीत थोडे पुढे सरकून बसतात. त्यांच्या शेजारी चिमटा बसली होती. ही आईची मदतनीस, तिशीची, कोटाच्या खिशात कायम चिमटा असायचा म्हणून आईने तिला हे नाव ठेवलं. आता सगळा विभागच तिला चिमटा म्हणतो आणि ती ओ देते.

"ताई, मॅडमबद्दल आम्हाला किती आदर आहे हे तुम्हाला माहीतच आहे," विभागप्रमुख म्हणाले.

"माहीत आहे. चूक काय आहे ते सांगा."

त्यांनी सांगितलं. मला त्यातलं बरंचसं येत होतं, कारण आईने ते जेवणाच्या टेबलावर मला लहानपणापासून ऐकवलं होतं. बोटभर रुंदीचा प्लास्टिकचा पेला असतो, त्याचा तळ बारीक जाळीचा. त्या जाळीवर श्वासनळीच्या अस्तराच्या पेशी एकमेकींना चिकटून वाढतात. वरची बाजू हवेकडची, खालची रक्ताकडची. पेला पेटीत बसवतात, दोन्ही बाजूंना सारखंच मिठाचं पाणी भरतात आणि तारा लावतात. पाणी दोन्हीकडे सारखं असलं तरी पेशी गप्प बसत नाहीत. आयन इकडून तिकडे ढकलत राहतात, आणि तो प्रवाह मीटरवर दिसतो.

आईच्या शब्दांत सांगायचं तर पेशीच्या खालच्या भिंतीत एक पंप असतो. तो सोडियमला सारखा रक्ताकडे हाकलत असतो. त्यामुळे आत सोडियमचा दुष्काळ, आणि बाहेरचं सोडियम मिळेल त्या दारातून आत घुसायला टपलेलं. वरच्या भिंतीत त्याचं दार असलं तर ते वरून शिरतं आणि खालून हाकललं जातं. क्लोराइड जास्त लबाड. ते खालच्या भिंतीतल्या दुसऱ्या एका दारातून सोडियमचा हात धरून आत येतं, पाहुण्याबरोबर आलेल्या पाहुण्यासारखं, आणि आत गर्दी झाली की वरच्या बाजूने निसटतं.

यातली गंमत, किंवा आईच्या मते यातला वैताग, असा की सोडियमवर धन भार आणि क्लोराइडवर ऋण. धन वरून खाली गेलं काय आणि ऋण खालून वर गेलं काय, मीटरला दोन्ही सारखंच. "घरात लेक आली काय आणि जावई घराबाहेर गेला काय," आई म्हणायची, "बायकांचं पारडं तेवढंच जड होतं. मीटर फक्त पारडं बघतो." मी लग्न केलं नाही, त्यामुळे हा जावई आमच्या टेबलावर कायम काल्पनिकच राहिला, पण आईने उदाहरण बदललं नाही.

कोण गेलं हे ओळखायला दोन औषधं आहेत. प्रयोगशाळेत त्यांना कुलपं म्हणतात. वरचं कुलूप सोडियमचं दार बंद करतं आणि खालचं कुलूप क्लोराइडचं. वरचं टाकल्यावर प्रवाह पडला तर तो सोडियमचा होता. खालचं टाकल्यावर पडला तर क्लोराइडचा.

"आता बघा," विभागप्रमुखांनी एकतीस फॉर्मचा गठ्ठा माझ्यापुढे सरकवला. "या पेशी सोडियम ओढतात. बारा वर्षं ओढतायत. आणि मॅडमच्या पहिल्या तेवीस पेल्यांत वरच्या कुलपाने काहीच होत नाही, खालच्याने प्रवाह पडतो. म्हणजे सरळ उलटं. शेवटचे आठ तर कशातच बसत नाहीत, दोन्ही कुलपं घातली तरी प्रवाह तसाच. त्यांचं काय करायचं तेच कळत नाही."

"मग तुमचं म्हणणं काय?"

"बाटल्या. दोन्ही सारख्याच दिसतात. मॅडमची शेवटी नजरही..." त्यांनी वाक्य पुरं केलं नाही. अर्धवट वाक्यं तपासता येत नाहीत याचा मला फार राग येतो.

"बाटल्यांची अदलाबदल झाली, असं."

"तसंच असणार."

मी चिमट्याकडे वळले. "वरचं कुलूप कुठल्या पाण्यात टाकतात?"

"वरच्या," चिमटा म्हणाली. "म्हणून तर वरचं."

"आणि चुकून खालच्या पाण्यात टाकलं तर?"

"काही उपयोग नाही, ताई. ते दार वरच्या भिंतीत आहे. खालून त्याला लागतच नाही."

"आणि खालचं कुलूप वर टाकलं तर?"

"तेही वायाच."

"म्हणजे आईने बाटल्या बदलल्या असत्या," मी म्हणाले, "तर दोन्ही कुलपं चुकीच्या भिंतीवर पडली असती. दोन्ही वाया गेली असती. प्रवाह पडलाच नसता. पण या तेवीस पेल्यांत तो पडलाय."

चिमट्याने विभागप्रमुखांकडे पाहिलं. मग गठ्ठ्याकडे पाहिलं आणि बराच वेळ पाहत राहिली. विभागप्रमुखांनी पाण्याचा ग्लास उचलला, त्यात पाणी नव्हतं, तरी ते प्यायले.

दोन वैज्ञानिकांनी चार महिने मिळून काढलेला निष्कर्ष एका सूची बनवणारीने तीन प्रश्नांत खोडला, याचा मला आनंद व्हायला हवा होता. मला फक्त वैताग आला. तेवढे तीन प्रश्न त्यांना विचारता आले नसते? विचारायची गरजच वाटली नसणार. बाई आजारी होती, एवढं पुरलं.

"मग क्रम चुकला असेल," विभागप्रमुख म्हणाले. "आधी वरचं, मग खालचं असा क्रम असतो. मॅडमनी आधी खालचं टाकलं असेल आणि फॉर्मवर सवयीने नेहमीच्या क्रमाने लिहिलं असेल."

"तेवीस वेळा?"

"ताई, आजार तसाच होता."

"शुक्रवार रद्द करा," मी म्हणाले. "आणि या फॉर्मच्या प्रती द्या."

प्रती द्यायला अर्ज लागत होता. केला.

आईच्या स्वतःच्या वह्या घरी होत्या. प्रयोगशाळेचे फॉर्म ती तिथे भरायची आणि विचार घरच्या वहीत लिहायची. अक्षर असं की मावशी म्हणायची, डॉक्टर व्हायची राहिली बिचारी. मी दोन दिवस वही आणि फॉर्म शेजारीशेजारी ठेवून तारखा जुळवत बसले. माझा धंदाच तो आहे.

गेल्या वर्षीच्या एका पानावर सापडलं. आईला गाठीची सूज उतरवायला गोळ्या दिल्या होत्या. तिने लिहिलं होतं: "माझी गोळी आणि पेशींच्या खाद्यातलं संप्रेरक एकाच कुळातलं. माझे पाय सुजलेत, अंगात मीठ साठतंय. या संप्रेरकामुळेच आपल्या पेशी सोडियम ओढत असतील का? त्यांचं बंद करून बघते. बारा दिवस."

पुढच्या पानावर: "संप्रेरक नाही तर सोडियमचं दारच नाही. सगळा प्रवाह क्लोराइडचा. बारा वर्षं आपण पेशींचा स्वभाव समजत होतो ते औषध होतं."

मी फॉर्म पाहिले. प्रत्येक फॉर्मवर एक ओळ छापलेली होती, "खाद्य: नेहमीचे." छापलेलीच. रिकामी जागा नव्हती. वहीत त्यावरही टिपण होतं: "फॉर्मवर खाद्याची जागा रिकामी ठेवा म्हणून अर्ज दिला. तिसरा. मंजुरी येईपर्यंत छापील मजकूर खोडता येत नाही."

मी वही टेबलावर आपटली. मावशी आतून आली.

"काय झालं?"

"पेन होतं ना हिच्या हातात? 'नेहमीचे' या शब्दावर एक रेघ मारायची! एक! सगळं जग आपल्याला वेडं ठरवेल पण छापील मजकूर खोडणार नाही!"

"ती लाल सिग्नलला रिकाम्या रस्त्यावर उभी राहायची," मावशी म्हणाली. "मी पलीकडे जाऊन हिची वाट बघत बसायची. आता कोणावर ओरडतेस? ती ऐकायला आहे का?"

ती ऐकायला नव्हती, हेच तर.

शेवटच्या आठ पेल्यांचं पान त्यानंतर आलं. "तुलनेसाठी पुन्हा नेहमीचं खाद्य दिलं, संप्रेरकासकट. दोन्ही कुलपं लावली तरी प्रवाह चालूच!! आठही पेल्यांत!! म्हणजे सोडियम किंवा क्लोराइडला अजून एक वाट आहे. तिसरं दार." उद्गारचिन्हं दोनदोन. आई उद्गारचिन्हांना लेखकाची लाचारी म्हणायची.

तो दिवस मला आठवत होता. सकाळी अकराच्या सुमारास तिचा प्रयोगशाळेतून फोन आला होता. "अगं, तिसरं दार सापडलं!" मी कामात होते. म्हटलं, "कुठलं दार? आई, गोळी घेतलीस का?" ती म्हणाली, "घेतली ग बाई, घेतली," आणि फोन ठेवला. त्यानंतर प्रयोगशाळेत ती पुन्हा गेली नाही.

सोमवारी मी वही घेऊन विभागात गेले. विभागप्रमुखांनी पानं वाचली, परत वाचली.

"हे अर्ज माझ्यापर्यंत आलेच नाहीत," ते म्हणाले.

चिमटा उठली, कपाटातून एक फाइल काढून आणली आणि त्यांच्यासमोर उघडून ठेवली. तीन अर्ज होते. तिन्हींवर कोपऱ्यात "पाहिले" असं लिहून त्यांची आद्याक्षरं होती.

"पाहिले म्हणजे वाचले असं नाही," ते म्हणाले. त्यांच्या बाजूने बोलायचं तर कान लाल झाले होते.

"नवे पेले वाढवा," मी म्हणाले. "संप्रेरक न घालता. वरचं कुलूप टाका, मग खालचं, आणि क्रम बरोबर आहे का ते बघायला दोघंजण उभे राहा. आईचं बरोबर निघालं तर ते वाक्य जाईल आणि ते तेवीस पेले निबंधात येतील. चूक निघालं तर मी तुम्हाला हवी तिथे सही देईन."

"ताई, तीन आठवडे लागतील. मासिकाची मुदत..."

"मग मुदतीला सांगा घाई अजिबात नाही."

चिमट्याने तोंड फिरवलं. हसत असावी.

तीन आठवड्यांत विभागप्रमुखांनी मला पाच पत्रं पाठवली, त्यांतली दोन एकाच दिवशी. एकात विचारलं होतं, आपण सहीचा आग्रह धरून संशोधनात अडथळा आणत आहात याची आपल्याला कल्पना आहे का. मी उत्तर दिलं, आहे. मावशी म्हणाली, "अगदी आईवर गेलीस. ती निदान गोड तरी हसायची."

ठरलेल्या दिवशी मी दहा वाजता पोचले. चिमट्याने सहा पेले पेट्यांत बसवले होते. मला स्टुलावर बसवलं आणि म्हणाली, "कशालाही हात लावू नका, ताई. मॅडम तर मला श्वाससुद्धा हळू घ्यायला लावायच्या." पडद्यावर सहा रेघा आडव्या चालल्या होत्या. तिने वरच्या पाण्यात वरचं कुलूप टाकलं. विभागप्रमुख तिच्या खांद्यावरून वाकून पाहत होते. रेघा तशाच चालत राहिल्या. मग तिने खालच्या पाण्यात खालचं कुलूप टाकलं. पहिली रेघ उतरायला लागली. मग तिसरी. मग बाकीच्या. पाचवी अर्धीच उतरून थांबली, "हिचं काहीतरी नखरेल आहे," चिमटा म्हणाली, पण ती वरच्या कुलपाने तर जागची हलली नव्हती.

"क्लोराइड," विभागप्रमुख म्हणाले. त्यांनी चष्मा काढला आणि पुसला. "मॅडम बरोबर होत्या."

"हो," मी म्हणाले.

मला वाटलं होतं की हे वाक्य ऐकल्यावर काहीतरी सुटेल. तसं काही झालं नाही. माझ्या शेजारी बाराव्या मिनिटापासून पंखा खडखडत होता, तो मला जास्त ऐकू येत होता.

विभागप्रमुख मात्र एकदम उदार झाले. उदार माणूस मला चिकट माणसापेक्षा जास्त दमवतो. ते म्हणाले, वाक्य काढतो. म्हणाले, मॅडमचं नाव पहिलं घालतो. म्हणाले, तेवीसच का, सगळे एकतीस घालू. "आणि शेवटच्या आठांचं आता वेगळंच महत्त्व आहे. मॅडमनी लिहिलंय ना, तिसरं दार. त्याला स्वतंत्र मथळा देऊ. ज्यांनी तेवीस वेळा अचूक पाहिलं त्यांनी पुढच्या आठ वेळा चूक का पाहावं? या सगळ्यातलं मोठं संशोधन तेच ठरेल कदाचित."

मी घरी आले तेव्हा मावशीला सांगितलं. मावशी म्हणाली, "मास्तरांनी मार्क वाढवला म्हण की," आणि देवाणघेवाण संपल्यासारखी चहा टाकायला गेली. शेगडी पेटवायला तिला दोनदा काडी ओढावी लागली.

निबंधाला जोडायचा तक्ता मी करून देते असं मीच म्हटलं होतं. एकतीस ओळी. पेला, तारीख, खाद्य, वरच्या कुलपाने काय झालं, खालच्या कुलपाने काय झालं. तेवीस ओळी भरल्या. संप्रेरक नाही, तसाच, पडला. संप्रेरक नाही, तसाच, पडला. चोविसाव्या ओळीवर लिहिलं, संप्रेरक आहे, तसाच, तसाच.

मी थांबले.

संप्रेरक आहे. म्हणजे बारा वर्षांचे ते नेहमीचे पेले. त्यांत सोडियमचं दार असतं आणि वरच्या कुलपाने प्रवाह पडतो, बारा वर्षं पडतोय. इथे पडला नाही. खालच्यानेही पडला नाही. दोन्ही कुलपं वाया. दोन्ही कुलपं वाया कधी जातात हे विभागप्रमुखांच्या खोलीत, त्यांच्या रिकाम्या ग्लाससमोर, मीच ठासून सांगितलं होतं.

बाटल्यांची अदलाबदल. आठ वेळा. एकाच दिवशी, एकाच ट्रेवरून.

मी चिमट्याला फोन केला.

"शेवटच्या आठांबद्दल बोलायचंय."

पलीकडे तिने दार लावून घेतल्याचा आवाज आला. मग ती म्हणाली, "बोला, ताई."

"तुला माहीत होतं."

"त्याच दिवशी लक्षात आलं. तुम्ही मला प्रश्न विचारत होतात ना, तेव्हाच."

"मग बोलली का नाहीस?"

"तुम्ही नुकत्याच जिंकल्या होतात, ताई."

या प्रयोगशाळेत कोणी कधी वेळेवर काही सांगतच नाही की काय! मी तिला तसं म्हणाले. ती म्हणाली, "मॅडमपण असंच ओरडायच्या." मग म्हणाली, "नेहमीच्या खाद्याचे दोन पेले तयार आहेत. उद्या या. मुद्दाम बाटल्या बदलून टाकते. बघू."

दुसऱ्या दिवशी आम्ही दोघीच होतो. तिने दोन्ही बाटल्या माझ्यासमोर धरल्या. पारदर्शक पाणी, पांढरी झाकणं, आणि लेबलं इतकी बारीक की मला चष्मा चढवावा लागला. तिने खालचं कुलूप वर टाकलं आणि वरचं खाली. आम्ही वीस मिनिटं बसलो. दोन्ही रेघा सरळ चालत राहिल्या, जराही वाकल्या नाहीत. चिमट्याने आईच्या त्या दिवसाच्या रेघांची छापील पट्टी आणून पडद्याला लावली. वेगळं सांगता आलं नसतं.

मग तिने पाणी बदललं, बाटल्या बरोबर हातात घेतल्या आणि वरचं कुलूप वर टाकलं. दोन्ही रेघा खाली गेल्या.

"मॅडमना कळलं असतं का?" चिमट्याने विचारलं.

"तिला प्रयोगशाळेत अजून एक आठवडा मिळाला असता तर तिनेच शोधून काढलं असतं. आणि बाटल्या सारख्या दिसतात म्हणून तुम्हा सगळ्यांना दिवसभर बोलली असती."

चिमट्याने हातमोजे काढले, खिशातला चिमटा बाहेर काढून टेबलावर ठेवला आणि डोळे कोटाच्या बाहीने पुसले. मी तिला रुमाल दिला नाही. माझ्याकडे एकच होता.

विभागप्रमुखांना सांगितलं तेव्हा ते ऐकून घेईनात.

"एका दिवसात दोन पेल्यांवरून तुम्ही हे ठरवणार?"

"तुम्ही शून्य पेल्यांवरून एकतीस ठरवले होते."

"ताई, मी तुमच्या बाजूने बोलतोय!" ते म्हणाले, आणि खरंच बोलत होते. "राहू द्या ना ते. कोणी तपासायला येणार नाही. तिसरं दार असेलही. पुढेमागे कोणाला सापडलं तर मॅडमचं नाव लागेल. त्यांची शेवटची गोष्ट आहे ती. किती आनंदात लिहिलंय त्यांनी."

"मी वाचलंय," मी म्हणाले.

"मग?"

"मग काय? ती पाचवीत एका मार्कासाठी मास्तरांच्या घरी गेली होती, कारण तो मार्क तिचा होता. हे आठ तिचे नाहीत."

त्यांना पाचवीचं काही कळलं नाही. मी समजावलं नाही. त्यांनी उसासा टाकून निरीक्षण रद्द करण्याचा फॉर्म काढला. त्यात प्रत्येक पेल्यासाठी वेगळी ओळ होती आणि प्रत्येक ओळीत कारणाचा रकाना.

"पहिल्या ओळीत लिहा, खाली 'वरीलप्रमाणे' चालेल," ते म्हणाले.

"चालत नाही," चिमटा हळूच म्हणाली. "तळटीप आहे. प्रत्येक निरीक्षणाचं कारण पूर्ण लिहावं."

विभागप्रमुखांनी तळटीप वाचली. ती त्यांनीच मंजूर केलेली होती.

मी चोविसाव्या पेल्यासमोर लिहिलं, "दोन बाटल्यांची अदलाबदल." पंचविसाव्यासमोर तेच लिहिलं. ते दोघं माझ्याकडे बघत होते. सव्विसाव्याला पेन अडलं, झटकलं तर शाईचा ठिपका पडला, त्याच्याशेजारून लिहिलं. कुठेही "आजारपण" हा शब्द लागला नाही. निरोगी माणसाच्या हातूनही सारख्या बाटल्या बदलतात. एकतिसाव्यापर्यंत अक्षर बरंच वाईट झालं होतं, मावशीने पाहिलं असतं तर कोणावर गेलं ते सांगितलं असतं.

मग मी पेनाला टोपण लावलं, आणि संमतिपत्रावर सही करायची राहिली होती म्हणून परत काढलं.